यादीत धरलेली बाई

शिवणवाली मावशी म्हणजे तोंडाला कुलूप नसलेली बाई. काही चांगलं घडलं की ते तिच्या पोटात म्हणून राहायचं नाही. त्यातच ती सापडली.

त्याचं असं झालं बघ. तिची एकच खोली. दाराजवळ पलंग, आतल्या भिंतीला मशीन, कोपऱ्यात गिऱ्हाइकांची गाठोडी. नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. लेक लांब दिलेली, पुरता एक दिवस बसमध्ये काढावा लागे इतकी लांब. तर एकदा मशीनमागच्या भिंतीतून थेंब थेंब पाझरायला लागलं. मावशी छपरावर चढून बघून आली, नळ बघितले, कुठं काही गळत नव्हतं. मग खाली पडलेला एकाचा फाटका शर्ट उचलते तर काय, बाही जोडलेली. टाका नाही की दोरा नाही. फाटलं कुठं होतं तेही कळेना. दुसरी एखादी गप्प बसली असती. ही हसत सुटली. भिंतच आता माझ्या पोटावर पाय देणार म्हणाली आणि ज्याचा शर्ट त्यालाच सगळं सांगून मोकळी झाली. तो नेमका सरकारी दवाखान्यातला.

चार दिवसांत माणसं दारात. ते सांधणारं पाणी होतं गं. मोडलेलं हाड जुळायचं त्यानं, चिरलेलं आतडं जुळायचं. असे पाझर देशात मोजून पाच-सहा, म्हणून त्यांना राखायचा कायदा. पाझराखाली बाटली लागली, बाटलीला सील लागलं. इथवर ठीक. पण ते पाणी भारी नाजूक. एके ठिकाणी नुसतं कपाट हलवलं तर आटलं. दुसरीकडं म्हाताऱ्या बापाला मुलानं आपल्याकडं नेलं, तर आठवड्यात भिंत कोरडीठाक. म्हणून कायद्यात घातलं, यादी करताना घरात जे असेल ते तिथंच राहायचं. यादीवाला आला तेव्हा ही त्याच्या हातात चहा देऊन समोरच बसलेली. त्यानं लिहिलं, मशीन एक, पलंग एक, गाठोडी सात, बाई एक. दळण आणायला गेली असतीस तर सुटली असतीस, असं पुढं कितीजणी तिला म्हणाल्या.

दिवसा बाजाराला जा, कुठं जा, पण अंधार पडायच्या आत घरात, नाहीतर तुरुंग. पहिल्या वर्षी तिला त्याचं कौतुकच वाटलं. एका गवंड्याचा पाय जुळला, तो हात धरून रडून गेला. दुसऱ्या वर्षी बहीण वारली. शेवटचं तोंडही बघता आलं नाही. तेव्हापासून ती भिंत तिच्या डोळ्यांत सलायला लागली. पण मशीन हलवायचं नाही, मग बिचारी मान वाकडी करून शिवायची.

अशात लेकीचे दिवस भरत आले. लेकीला सासू नाही, जावई कामासाठी जहाजावर. आईला जाता येईना म्हणून लेकच पोट सांभाळत आली आणि त्याच रात्री बाळंत झाली. मुलगा. मावशी त्या भिंतीवर कितीतरी दिवसांनी खूश झाली असेल.

पाचव्या दिवशी यादीवाला बाटली बदलायला आला. माणूस वाईट नव्हता. पलंगाकडं बघून जरा उभाच राहिला.

"मावशी, सात दिवस भरले की पाण्याला माणसाची सवय लागते," तो म्हणाला. "मग ते माणूस मला यादीत धरावंच लागतं. दोघांनाही. परवा येतो मी."

"बाळ काय गाठोडं आहे का रे?"

"कायदा मी नाही केला. मी फक्त मोजतो."

मावशी शेजारी विचारून आली, महिनाभर ठेवून घ्या म्हणाली. पण सगळे त्या पाझराला टरकून होते. उद्या आमची भिंत गळली तर, म्हणाले. इकडं लेकीला टाक्यांनी धड बसवेना. चार पावलांवर सांधणारं पाणी टपटप गळतंय आणि बाटलीला सील. थेंब घेतला तरी तुरुंग.

सहाव्या दिवशी सकाळी मावशीनं पिशवी भरायला घेतली. लेक बघत होती. मग म्हणाली, "धरू दे की मला यादीत. तू तरी एकटी नाही राहणार."

मावशीचा हात थांबला. खोटं कशाला सांगू, तिला तेच हवं होतं. रोज लेकीच्या हातचा चहा, रांगणारं पोर. ती कितीतरी वेळ बाळाचं दुपटं नुसतं घडी घालत होती आणि मोडत होती.

"तू तुझ्या मर्जीनं राहशील गं," ती म्हणाली. "ह्याला कुणी विचारलं?"

"मोठा झाला की जाईल."

"मला वाटलं होतं मीही जाईन."

लेक रडली, चिडली, ओल्या बाळंतिणीला घराबाहेर काढतेस म्हणाली. ते तर खरंच होतं. मावशीनं ऐकून घेतलं आणि पिशवीचं तोंड बांधलं.

बसच्या थांब्यापर्यंत बाळ मावशीच्याच छातीशी. गाडी आली तेव्हा ते झोपलेलं. तिनं आधी लेकीला चढवलं, सीटवर उशी ठेवली, मग बाळ दिलं. कंडक्टर ओरडला, बाई, चढायचं असेल तर चढा, नाहीतर उतरा. ती दोन्ही पायांनी पायरीवरच होती. एवढीशी तर ती पायरी. मग दवाखान्यातल्या कुणाची हाडं डोळ्यांपुढं आली की तुरुंग आला, देव जाणे. ती उतरली. लेकीनं खिडकीतून तिच्याकडं बघितलंच नाही.

दिवस कलायला लागला होता. मावशी झपाझप घरी आली, दोरीवरची लंगोटं काढली, पलंगावरची चादर ताणून बसवली.

दुसऱ्या दिवशी यादीवाला आला. ती शर्टाला बटणं लावत होती. त्यानं पलंग बघितला, कागद काढला आणि विचारलं, कुणी राहिलं होतं का?

"राहिलं होतं," मावशी म्हणाली. "गेलं."