भरल्या घागरींचं रीळ

माझा चुलत दीर राधाकिशन वालूरचा. हैदराबादेत तंबूच्या सिनेमात मशीन फिरवायला होता. पोलीस ॲक्शननंतर चावीचा एक जुना कॅमेरा गळ्यात घालून परत आला तो आलाच. ना शेती केली, ना मेंढरं राखली. गोरगरिबांची खरी हालत पडद्यावर दाखवीन म्हणायचा. सासूबाई म्हणायच्या, "हालत बघायला पडदा कशाला रं? आमच्या घरात ये की."

त्रेपन्न साली आमच्या धनगरवस्तीला प्यायला पाणी नव्हतं. नदीच्या वाळूत झिरे उकरून आमी वाटीवाटीनं घागर भरायचो. विहीर मागितली तर तालुक्याचा साहेब म्हणे, पुरावा दाखवा. राधाकिशन म्हणाला, "वैनी, उद्या समद्या बाया घागरी घेऊन निघा. मी रीळ काढतो."

आता नव्या कामाला लागलेल्या माणसाला रिकामी घागर आडवी न्यायची नसती, हे लेकराला बी ठावं. आमी घराघरातलं उरलंसुरलं पाणी गोळा करून पाच घागरी काठोकाठ भरल्या आन् ठेवणीतली लुगडी नेसून निघालो. माझी जाऊ भागुबाई पुढं, हसत. निम्मं रीळ फिरल्यावर तो वरडला, "वैनी, रिकाम्या पायजेत, रिकाम्या!"

"तुमचं काम नासावं म्हून?" भागुबाई म्हणाली. "आमी काय तुमच्या वैरिणी हाव का, भावजी?"

त्याच्याकडं रीळ एवढंच होतं. साहेबानं तेच बघितलं. म्हणाला, "यांचं पाणी तर सांडायलंय."

पंधरा दिवसांनी झिरा खोल करताना वाळूचा कडा ढासळला. भागुबाई आत. काढली तवा उशीर झालता. राधाकिशन पळत आला. सेलूहून कुणाकडून तरी दोन मिनटांचं रीळ मागून आणलेलं, ते कॅमेऱ्यात होतं.

"वैनी, घेऊ का?" त्यानं खाली बघून इचारलं.

तिची घागर कडंला पडली होती. आतली वाळू मी झटकली. "घ्या. आता रिकामीच हाय."

साहेबानं ते रीळ बघितलं आन् विहीर मंजूर झाली. पुढं साठ सालापर्यंत तो ऊसतोडीवाल्यांमागं, बाजारांत रिळं काढीत हिंडला. लोक हसायचे, पण जेवायला घालायचे.

मला ध्यानात हाय ती विहिरीला पाणी लागल्याची सांज. त्यानं धोतराचा पडदा बांधला, सिनेमाची मशीन मागून आणलेली ती मांडली, दोन्ही रिळं काढून ठेवली. पहिल्यात भागुबाई हसत आली. सासूबाई उठून थेट पडद्याजवळ गेल्या.

"भागे, सावकाश चाल! घरात घोटभर न्हाई, आन् तू सांडायलीस!"

राधाकिशननं मशीन थांबवली. दुसरं रीळ आमच्या वस्तीवर त्यानं कधीच लावलं न्हाई.