हिमालयाचं वय

भूगोलाच्या परीक्षेसाठी नात सई जगातल्या पर्वतरांगा पाठ करत होती. मध्येच तिनं मला विचारलं, "आजी, हिमालय आणि अरवली, वयानं मोठं कोण?"

"अगं, हिमालय म्हणजे शंकराचा सासरा. त्याच्याहून म्हातारं कोण असणार?"

"चूक. अरवली कितीतरी जुना. झिजून झिजून बुटका झालाय. हिमालय अजून वाढतोय."

निवडायची शेंग हातातच राहिली. एवढा थोरला हिमालय म्हणजे कालचं पोर, आणि त्या बसक्या टेकड्या त्याचे आजोबा शोभतील अशा?

स्वयंपाकघरातल्या वरच्या फळीला माझा हात पुरेनासा झालाय. कुणाला कळू नये म्हणून मी चोरून स्टुलावर चढते. आज मात्र म्हटलं, "सई, तेवढा पोह्यांचा डबा काढून दे गं."