सुमनबाईंचा राउटर आणि आमचा संशय

सुमनबाईंची माझी पहिली भेट जवळा बाजारच्या आमच्या वाचनालयात झाली. मी तिथला कार्यवाह, स्वभावाने संशयी. शिरड शहापूरच्या शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या या बाई आमच्या इंटरनेटच्या राउटरमधलं कंपनीचं सॉफ्टवेअर काढून खुलं, फुकटचं सॉफ्टवेअर घालत होत्या. फुकट कोण काय देतं? मी खुर्ची ओढून पहाऱ्याला बसलो. बाईंनी माझ्यासाठीही चहा मागवला.

पुढे राउटरमधली जागा भरत आली. मेंढरं आणि शेती सांभाळून वाचनालयाच्या प्रत्येक कामात नाक खुपसणारे आमचे सभासद ज्ञानोबा यांनाही बाईंनी पासवर्ड दिलेला होता. त्यांनी नको वाटल्या त्या मूळ फायली पुसल्या, तर जागा आणखीच कमी झाली. भर बैठकीत ते कडाडले, "बाई, आमी पुसून राहिलो अन् जागा घटून राहिली! काहून? आत काय लपवलं तुमी?"

बाईंनी समजावलं. फ्लॅश मेमरीचा, म्हणजे राउटरच्या कायमच्या साठवणीचा, खालचा भाग फक्त वाचायचा, वरचा लिहायचा. खालची मूळ फाइल पुसली जातच नाही. ‘ही दाखवू नका’ अशी नोंद वर होते आणि तीच जागा खाते. छापील धड्यावर कागद चिकटवला तर अक्षरं जात नाहीत, पुस्तक मात्र जाड होतं.

"म्हंजे पुसलेलं ऱ्हातंच! मंग आमी मोबाईलवर काय पाहिलं तेबी आत असन," ज्ञानोबा म्हणाले. कुजबुज सुरू झाली. बाईंना वाचनालयात येऊ देऊ नये, इथपर्यंत गोष्ट गेली.

"वारंवार लिहिलं की फ्लॅश झिजते. म्हणून रोजच्या नोंदी तात्पुरत्या मेमरीत राहतात, वीज गेली की जातात," बाई म्हणाल्या. "पण माझ्या शब्दावर जाऊ नका. शोधा."

ज्ञानोबांनी शोधलं, मीही शोधलं. सेटिंगशिवाय काही सापडलं नाही. तरी बैठकीचं समाधान होईना. तेव्हा बाईंनी रिसेटचं बटण पुढे केलं. वरचा भाग कोरा होणार होता, आणि मुलांच्या अभ्यासासाठी कित्येक रविवार खपून त्यांनी बसवलेली वेगळी वाय-फाय जोडणीही जाणार होती. त्यांचे डोळे भरलेले मला दिसले. ज्ञानोबांचं बोट थबकलं.

"पुन्हा बसवसान काय?"

"तुम्ही शेजारी बसाल तर."

ज्ञानोबांनी बटण दाबलं. सगळं गेलं, त्यांनी पुसलेल्या फायली तेवढ्या परत जागेवर आल्या. पुढच्या रविवारपासून दोघांनी मिळून सगळं नव्याने उभं केलं. आता ज्ञानोबा मलाही राउटरला हात लावू देत नाहीत.

बाईंना साठ वर्षं पूर्ण झाली म्हणे. जन्मदाखला मी पाहिलेला नाही. त्यांची प्रकृती ठणठणीत राहो आणि त्यांच्यावर संशय घ्यायला आम्हाला अजून पुष्कळ वर्षं मिळोत. इतक्या निर्धास्तपणे संशय घ्यावा असं दुसरं माणूस आमच्याकडे नाही.