मुलाजिमचा काना

माझे सासरे, म्हणजे मामा, निजामाच्या राजवटीत तहसील कचेरीत होते. आधी कागदांच्या नकला करणारे कारकून, मग पेशकार, म्हणजे साहेबापुढं कागद मांडणारे. उर्दू, फारसी, मोडी, सगळं यायचं. ते राज्य गेलं तरी त्यांची खुर्ची तीच राहिली, कागद तेवढे मराठीत आले. कचेरीतून घरी आले की ते फारसीतल्या गोष्टी मराठीत उतरवत बसायचे. आमच्या गावची, कुरुंद्याची माणसं पारावर त्यांना चिडवायची, "निजामाचं मीठ लई गोड होतं म्हणं?" ते म्हणायचे, "व्हय, गोडच होतं. पण ते खाऊन कुणाचा कागद खोटा केला न्हाई."

म्हातारपणी काचबिंदूनं त्यांचे डोळे गेले. तेव्हा त्यांच्या मनात आलं की आपली सगळी नोकरी लिहून ठेवावी. धाकटे दीर परभणीला कॉलेजात शिकवायचे. आमचे मालक दिवसभर हळदीच्या रानात. घरात लिहिता येणारी मीच, चौथी शिकलेली.

पण सासऱ्यांच्या पुढ्यात बसायची आमच्यात रीत नव्हती, बोलायची तर नाहीच. ते ओसरीवर बाजेवर बसून सांगायचे आणि मी आत दाराआड बसून लिहायची. एखादा शब्द नीट ऐकू आला नाही तर पुन्हा विचारायची सोय नव्हती. ऐकला तसा लिहायचा. ते मधेच थांबून म्हणायचे, "लिवलं का बाई?" मी बांगड्या वाजवायची. म्हणजे लिहिलं.

दोन उन्हाळ्यांत सहा वह्या भरल्या. शेवटच्या दिवशी ते म्हणाले, "हे छापा. पण म्या केलेलं न्हाई ते एक बी माझ्या नावावर घालू नका." मी बांगड्या वाजवल्या.

ते गेल्यावर वह्या भाऊजींनी नेल्या. पुष्कळ वर्षांनी, या दिवाळीच्या आधी, पुस्तक निघालं. वसमतला हॉल घेऊन समारंभ झाला. मी बायकांत मागे बसले होते. पाहुणे भाषणात म्हणाले की या थोर विद्वानाला निजामानं आरोपी केलं होतं. मला वाटलं माझ्याच ऐकण्यात चूक झाली.

घरी येऊन वाचलं. प्रस्तावनेत लिहिलं होतं की वडिलांनी स्वतःच्या हातानं लिहिलेल्या वह्या सापडल्या. त्याचं वाईट वाटलं नाही असं म्हटलं तर खोटं होईल. पण पुढचं वाचून ते मागे पडलं. पहिल्याच पानावर छापलं होतं, "मी निजाम सरकारचा सात वर्षं मुलजिम होतो." खाली भाऊजींची टीप, मुलजिम म्हणजे आरोपी. आणि त्या एका शब्दावर त्यांनी चार पानं लिहिली होती. खटला, पाळत, छळ. सासऱ्यांच्या तोंडून यातलं मी काहीच ऐकलं नव्हतं.

बांगड्या भरणाऱ्या मुसलमान बाई, त्यांना आम्ही बी म्हणतो, घरी आल्या तेव्हा त्यांना विचारलं, "बी, कचेरीतल्या नोकराला उर्दूत काय म्हणतात?"

"मुलाजिम."

"आणि मुलजिम?"

"ते गुन्ह्यात धरलेलं माणूस. काहून, घरातलं कोण धरलं गेलं?" त्या हसल्या. मी नुसता दुसरा हात पुढे केला.

संक्रांतीला भाऊजी आले. जेवायला वाढताना मी त्यांच्याशी आपणहून बोलले, तसं मी कधी बोलत नाही.

"भाऊजी, चूक माझी आहे. मामा मुलाजिम म्हणाले होते. माझा काना राहिला."

"माहीत आहे, वहिनी. वही उघडली तेव्हाच कळलं."

"मग तसंच छापलं?"

"अण्णांनी निजामाची चाकरी केली, हे कोण वाचणार? तुमच्या एका चुकीनं त्यांचा मान वाढला. आता कुठं बोलू नका. अन् चौथी शिकलेल्या बाईचं ऐकणार कोण?"

"वह्या मला परत द्या."

"त्या छापखान्यातच राहिल्या. भाकरी आणा अजून एक."

मी भाकरी आणली. मालक शेजारी जेवत होते. तेवढंच म्हणाले, "शिकलेला हाय तो, त्याला कळतं."

घरात पुस्तकाच्या पाच प्रती होत्या. सगळे रानात गेल्यावर मी पाचही घेऊन बसले आणि पेनानं काना दिला. ल आणि जच्या वेलांटीमधे जागा नव्हती, काना तिरपा आला. टीप खोडली. त्या चार पानांचं काय करावं ते कळलं नाही. फाडायचा धीर झाला नाही, वर मामांचं नाव आहे.

बाकीच्या प्रती शाळांत, कचेऱ्यांत वाटल्या. मामांनी जिथं नोकरी केली त्या तहसीललाही भाऊजींनी हार घालून घेऊन एक प्रत दिली. तिथल्या कपाटातून कुणी ती काढली, तर त्याला हेच वाचायला मिळेल की हा माणूस या कचेरीत गुन्हेगार म्हणून उभा होता.