म्हातारीचा आवाज

माझी पहिली बाहुली मशीन शॉपमधल्या चिंध्यांतून झाली. भिलाईचा कारखाना तेव्हा अजून उभा राहत होता. मी भंडाऱ्याकडच्या खेड्यातून येऊन टर्नरच्या हाताखाली लागलो होतो आणि बायकोसोबत कॅम्पातल्या टिनाच्या खोलीत राहत होतो. हात पुसायला मिळणाऱ्या चिंध्या मी घरी आणायचो. सिमेंटच्या रिकाम्या पोत्यांचा कागद भिजवून, चिंचोक्याच्या खळीत मळून डोकं केलं, सुतळीचे केस लावले. बायकोने जुन्या लुगड्याच्या काठातून नऊवारी शिवली. हात आत घातला आणि तर्जनी हलवली, तर बाहुलीने मान अशी वेळावली की बायको म्हणाली, "हे तर तुमची आत्या होय."

होतीच. माझी आत्या लहानपणीच विधवा झालेली, सगळ्या गावाशी भांडणारी आणि गावातल्या कुणाच्याही घरी मयत झाली तर सगळ्यांत आधी पोचणारी. तिचा आवाज घोगरा होता. वाक्याच्या शेवटी तो वर चढून फाटायचा. तो आवाज मला पोरवयापासून काढता यायचा.

आमच्या वस्तीत बहुतेक लोक नागपूर, भंडारा, गोंदियाकडचे, नुकतीच धम्मदीक्षा घेतलेले. जयंतीच्या दिवशी भाषणं झाल्यावर मी खाटेला चादर बांधून त्यामागे बसलो. बाहुलीतली म्हातारी वर आली, तिने कारखान्याच्या धमनभट्टीच्या दिशेने बराच वेळ पाहिलं आणि म्हणाली, "अवं माय, एवढी मोठी चूल मांडली, अन् भाकर एकबी नाही?" लोक इतके हसले की मला पुढचं वाक्य बोलायला थांबावं लागलं. चादरीमागे बसून मला कुणी दिसत नव्हतं, पण हसू कुठून सुरू झालं आणि कुठे जाऊन थांबलं ते कळत होतं. त्या हसण्यावर मी पुढची दोन वर्षं काढली. दर सणाला, दर बारशाला म्हातारीला बोलावणं यायचं.

मग कामगार कल्याणाचं काम बघणाऱ्या एका साहेबाने तिला पाहिलं. साहेब उत्तरेकडचे, मराठी त्यांना येत नव्हतं, पण लोक हसताना त्यांनी पाहिलं होतं. त्यांनी मला बोलावून सांगितलं की टाउनशिपच्या स्टेजवर खेळ करायचे, हेल्मेट घाला, हात मशीनपासून लांब ठेवा, मुलं कमी असू द्या, असं लोकांना सांगायचं. महिन्यातून दोन दुपारी मला शॉपमधून मोकळीक मिळणार होती. मी घरी जवळजवळ पळत आलो.

पहिला खेळ पडला. समोर बंगाली, तेलुगू, पंजाबी, छत्तीसगढी, मागच्या खुर्च्यांवर दोन-चार रशियन इंजिनिअर, आणि म्हातारी आपली नागपुरी बोलत होती. हसू आलं ते फक्त डावीकडच्या एका कोपऱ्यातून, जिथे आमचे लोक बसले होते. साहेब रागावले नाहीत. त्यांनी पुढच्या खेळाला एका शाळेतले हिंदीचे मास्तर आणले. मास्तरांचा आवाज भरदार, रेडिओवरच्या बातम्यांसारखा. मी बाहुली हलवायची आणि ते बाजूला माइकवर बोलणार, असं ठरलं.

मी म्हणालो, म्हातारी अशी बोलत नाही. साहेबांनी समजुतीने विचारलं की हात तुमचाच आहे, मग अडचण काय?

अडचण मला तेव्हा नीट सांगता आली नाही. बाहुलीचा हात आणि आवाज एकाच श्वासातून निघतात. बोलण्याआधी म्हातारी खांदे किंचित उचलते, कारण बोलण्याआधी मी श्वास घेतो. मास्तर बोलायचे तेव्हा माझा श्वास भलतीकडेच असायचा. ते वाक्य लांबवायचे आणि माझ्या बोटांच्या हालचाली संपून जायच्या. कधी ते थांबायचे, आणि म्हातारी तोंड वर करून मुक्या माणसासारखी हात हलवत राहायची. माझी विधवा आत्या "भाइयों और बहनों, सुरक्षा ही जीवन है" असं म्हणायला लागली. टाळ्या मात्र भरपूर पडायच्या. खेळ संपला की मास्तर पुढे येऊन हात जोडायचे, मी पडद्यामागे उकिडवा बसून बाहुल्या पेटीत भरत असायचो. एका बाईने मास्तरांना विचारलेलं मी ऐकलं की ही म्हातारी तुम्हाला सुचली कशी?

मास्तर वाईट नव्हते, हे लिहायला हवं. ते माझ्यासाठी चहा घेऊन यायचे आणि पुन्हा पुन्हा माझ्याकडे बोट दाखवायचे. त्यांचा राग करता आला असता तर बरं झालं असतं.

एव्हाना आम्हाला सेक्टर सहामध्ये क्वार्टर मिळालं होतं. मी घरी आलो की ताटावर चिडायचो, सायकलवर चिडायचो, नळावर चिडायचो. बायकोने एकदा विचारलं, "तुमाले एवढा राग कावून येऊन राहिला? लोकं टाळ्या वाजवतेत ना?"

"टाळ्या म्हातारीले नाही वाजवत," मी म्हणालो.

"मंग सोडून द्या."

सोडवत नव्हतं. महिन्यातल्या त्या दोन दुपारी मी टर्नरचा हेल्पर नसायचो. असं चार वर्षं चाललं, आणि वस्तीतले खेळ मागे पडत बंद झाले.

दिल्लीत टेलिव्हिजन नावाचं यंत्र सुरू झालं होतं, हे आम्ही ऐकून होतो. भिलाईत ते कुणी पाहिलेलं नव्हतं. एकदा कारखाना बघायला दिल्लीहून आलेल्या पाहुण्यांमध्ये त्या खात्यातल्या एक बाई होत्या. त्यांनी आमचा खेळ पाहिला, आणि महिन्याभरात पत्र आलं. कारखान्यातल्या सुरक्षेवर एक छोटा कार्यक्रम करायचा होता. मास्तर आणि मी, दोघांनाही बोलावलं होतं. रेल्वेत मास्तर झोपले आणि मी खिडकीपाशी बसून मनातल्या मनात म्हातारीच्या गोष्टी रचत राहिलो. तुम्हीच बोलाल का, असं दिल्लीला तरी मला कुणीतरी विचारेल, असं वाटत होतं.

आणि विचारलं. स्टुडिओतले दिवे इतके तापलेले होते की बाहुलीच्या मानेचा गोंद सुटायला लागला. मला एका टेबलाखाली बसवलं होतं. दोनदा तालीम झाली, पण दोन्ही वेळा हात पुढे आणि आवाज मागे. मग त्या बाईंनी खाली वाकून मला विचारलं की तुम्ही स्वतःच का बोलत नाही? येतो ना आवाज?

या प्रश्नाची मी चार वर्षं वाट पाहत होतो. मी श्वास घेतला, म्हातारीने खांदे उचलले, आणि माझ्या तोंडून मास्तर बाहेर आले. तोच भरदारपणा, तीच ठाशीव अक्षरं. मी थांबलो, घसा खाकरला, आत्याचा चेहरा डोळ्यांपुढे आणला आणि पुन्हा सुरुवात केली. पुन्हा मास्तरच. मराठीत बोलून पाहिलं, तर मराठीही त्यांच्याच चालीवर आली.

बाई सरळ उभ्या राहिल्या. मग कोणत्याही कडूपणाशिवाय म्हणाल्या, "ये आवाज तो हमारे पास है."

कार्यक्रम मास्तरांच्या आवाजात झाला. तो तेव्हाच्या तेव्हाच प्रसारित व्हायचा, त्यामुळे टेबलाखाली असलेल्या मला तो दिसला नाही, आणि भिलाईत कुणाकडे संचच नव्हता. मी टेलिव्हिजनवर काम केलं, याला माझ्याजवळ माझ्याशिवाय साक्षीदार नाही. मास्तर आहेत म्हणा.

परत आल्यावर मी साहेबांना सांगितलं की यापुढे म्हातारीसाठी मीच बोलेन, नाहीतर खेळ नको. त्यांनी शांतपणे ठीक आहे म्हटलं. पुढच्या महिन्यापासून माझ्या दोन दुपारी बंद झाल्या. त्यांच्या जागी सुरक्षेवरच्या सिनेमाची रिळं दाखवायला लागले. त्यांत माझं काय जात होतं, पण त्या दुपारी लेथवर उभा राहून मी एक जॉब बिघडवला आणि टर्नरची बोलणी खाल्ली.

आवाज मात्र परत आला नाही. मी न्हाणीघरात, सायकलवर, हथखोजकडच्या मोकळ्या माळावर जाऊन ओरडून पाहिलं. घोगरेपणा यायचा, पण शेवटचं ते फाटणं यायचं नाही. जयंती जवळ आली तेव्हा कॅम्पातल्या वस्तीतले लोक पुन्हा म्हातारीचं विचारायला लागले. मी नाही म्हणालो.

बायको भाकरी थापत होती. मान वर न करता तिने विचारलं, "मी बोलू का?" आत्याच्या हाताखाली ती लग्नानंतर वर्षभर राहिलेली होती. त्या आवाजातली बोलणी तिने माझ्यापेक्षा जास्त खाल्ली होती. मी म्हणालो, बोलून दाखव. तिने दाखवला. घोगरा, वर चढणारा, आणि शेवटी नेमका फाटणारा.

जयंतीला आम्ही दोघं चादरीमागे बसलो. तिचा खांदा माझ्या खांद्याला टेकलेला होता, त्यामुळे ती श्वास कधी घेते ते मला कळत होतं, आणि माझा हात चुकला नाही. लोक हसले, पूर्वीपेक्षा जास्तच. खेळ संपल्यावर बायका तिच्याभोवती जमल्या. कुणीतरी तिला म्हणालं, म्हातारी आता खरी वाटते.

मला आनंद व्हायला हवा होता. झाला, पण अर्धाच. घरी येताना ती सायकलच्या कॅरिअरवर बसली होती आणि काहीतरी सांगत होती. मी दोन चौक तिला उत्तर दिलं नाही. तिसऱ्या चौकात तिने माझ्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाली, "बोला ना आता. मी काय तुमचा मास्तर आहो?"

पुढे बरीच वर्षं आम्ही तसेच खेळ केले. ती बोलायची, मी हलवायचो. चांगले व्हायचे. तरी प्रत्येक खेळाआधी मी एकदा तोंड दाबून, कुणाला ऐकू न जाता, तो आवाज काढून बघायचो.