मेंढराच्या पाठीएवढा कठडा

कोकरं ओरडली आणि पलीकडची मेंढरं पुलावर उतरली. पुलावर घोट्याएवढं पाणी होतं आणि ते वाढत होतं. मेंढरांच्या मागं माझा मुलगा होता.

चूक माझी. आमच्यात बायका घोडं घेऊन पुढं जातात. घोड्यावर जाळीत लहान कोकरं असतात. त्यांच्या आवाजामागं मेंढ्या येतात, गडी मागून हाकतो. मी आणि सून नदी ओलांडून आलो तेव्हा पूल कोरडा होता. मग एकदम गढूळ पाणी आलं. मुलानं मेंढरं पलीकडंच अडवली. मी मात्र कोकरं पुलाच्या तोंडालाच उतरवली. ती लांब न्यायला पाहिजे होती.

"आये, गप कर की त्यास्नी!" मुलगा ओरडला.

मी कोकरांवर घोंगडं टाकलं आणि दाबून धरलं.

मेंढरं तोवर मध्यावर येऊन थांबली. पाण्याखालची वाट त्यांना दिसेना.

सुनेनं माझा हात धरला. "आत्या, घोंगडं काढा. आता ती मागं फिरत न्हाईत. कान पिळा, वरडू द्या."

"मला शिकवतीस व्हय?"

"व्हय."

आम्ही एकेकाचे कान पिळले. कोकरं किंचाळली आणि पुढची मेंढी हलली. बाकीची कठड्याला घासत तिच्यामागं आली.

तो पूल काळ्या घडीव दगडाचा, पाच कमानींचा. सासरे सांगायचे, त्यांच्या आजोबांनी घोड्यावरून चुनखडी आणून टाकली. बैलाच्या घाण्यात चुना मळला, त्यात गूळ घातला. मेंढरं खाली पडतात म्हणून कठडाही आपल्याच माणसांनी मागून घेतला म्हणे. खरंखोटं त्यांनाच माहीत. चौथीपर्यंतच्या शाळेत मला या पुलाचं कुणी काही सांगितलं नाही. पण कठडा मेंढराच्या पाठीएवढाच आहे, हे मी लग्न झाल्यापासून बघते. शेजारी सिमेंटचा पूल झालाय. तिथं उसाचे ट्रॅक्टर हॉर्न वाजवतात, म्हणून आम्ही अजून जुन्यावरूनच जातो.

त्या दिवशी पाणी कठड्याच्या भोकांतून धो धो येत होतं, पण एक दगड हलला नाही. मुलगा शेवटच्या मेंढीमागं आला. कमरेपर्यंत भिजलेला.

"कान कुणी पिळायला लावले?" त्यानं विचारलं.

"तुझ्या बायकोनं," मी म्हणाले.

मुलगा वाचला. मेंढरं सगळी वाचली. घोंगड्याखालचं एक कोकरू वाचलं नाही.