तिठ्यावरचा हिरवा केक

हे मी आजवर कुणालाही सांगितलेलं नाही. म्हणजे—गोष्ट सांगितली आहे. भरपूर वेळा सांगितली आहे. कर्जत-खालापूर पट्ट्यात ज्या ज्या बंगल्यावर मी केक पोचवला, तिथे केक कापून झाला की कुणीतरी म्हणतंच, 'ती लिंबाची गोष्ट सांगा ना!' आणि मी सांगतो. आढेवेढे घेणं मला जमत नाही. पण त्या गोष्टीत एक जागा अशी आहे, की तिथे मी आवाज चढवतो, हात पुढे करतो, लोक टाळ्या वाजवतात—आणि नेमकी तीच जागा खोटी आहे. हे मात्र कुणाला ठाऊक नाही. पुढे लग्न होऊन आलेल्या बायकोलाही नाही.

तुम्ही म्हणाल, केकवाल्याचं खोटं ते केवढं असणार—अंड्याएवढं? थांबा जरा. मला वळसा घेऊन यावं लागेल. सरळ आलो तर अर्ध्यातून परत फिरेन, एवढं मी स्वतःला ओळखतो.

मी कडावचा. घराच्या पडवीत ओव्हन मांडून केक करतो. आज माझं बरं चाललं आहे, आणि ते मी लाजत सांगणार नाही—या भागात साखरेची बाहुली माझ्याइतकी सुबक कुणी करत नाही. पण सुरुवात विचारू नका. पहिला केक बाहेरून कोळसा आणि आतून पिठलं. एका साखरपुड्याच्या केकवर मी नवरीऐवजी तिच्या धाकट्या बहिणीचं नाव घातलं, आणि नवरदेवाचा चेहरा जरा जास्तच खुलला. हे सगळं मी हसत सांगतो. स्वतःच्या फजित्या सांगणारा माणूस लोकांना प्रामाणिक वाटतो ना? हा माझा धंद्यातला सगळ्यात जुना मसाला.

तो पहिला कोळसा-पिठलं केक आवडीनं खाल्ला तो फक्त बायजाकाकूनं. शेजारची. एकटी बाई, दोन म्हशी, थोडी भातशेती. मुलगी लग्न होऊन शेलूला. अख्ख्या आळीला दूध काकूचं, आणि माझ्या केकवरची साय-मलईही तिचीच. केकचा करपलेला तुकडा चघळत ती म्हणाली होती, "करपलाय, पर मन लावून करपवलास रं." अशी बाई.

तर हॅलोवीन. ऑक्टोबर संपता संपता बंगलेवाल्यांची पोरं भुतं बनून फिरतात, तो सण. खालापूरकडच्या एका बंगल्याच्या मॅडमनी मला ऑर्डर दिली—माचाचा केक, आणि दिसायला भीतीदायक हवा. माचा म्हणजे जपानी चहाची हिरवीगार पूड. वास ओल्या गवताचा. चव, साखर नसेल तर, कडूजहर. तुम्हाला वाटत असेल, मी त्यात शेवग्याच्या पाल्याची पूड मिसळली आणि हीच ती कबुली. मिसळली आहे, एकदा. ते पाप नाही, ती पालेभाजी आहे. पुढे चला.

मॅडमनी फोटो पाठवले होते. भोपळे, वटवाघळं, कोळ्याची जाळी. मला हसू आलं. लाल भोपळ्याला आमच्याकडे कोण घाबरतं? त्याचे आम्ही घारगे करतो. मी ठरवलं, घाबरवायचंच तर आपल्या पद्धतीनं. आमच्याकडे माणूस कशाला घाबरतो? तिठ्यावर ठेवलेल्या उताऱ्याला. कुणाची तरी पीडा उतरवून ठेवलेलं ते लिंबू, ती काळी बाहुली, ते कुंकू—भर दुपारीसुद्धा माणूस पाय चुकवून, नजर चुकवून जातो.

म्हणून मी केक केला तो असा—शेवाळ चढलेल्या दगडासारखा हिरवा. वर साखरेच्या मळलेल्या पिठाची काळी बाहुली. बिटाच्या पुडीचं कुंकू. खोबऱ्याच्या अक्षता. आणि मधोमध पांढऱ्या चॉकलेटचं पिवळंधमक लिंबू, त्याला चंदेरी साखरेच्या टाचण्या टोचलेल्या. काय लिंबू झालं होतं! सालीवरचे बारीक खड्डेसुद्धा मी दात कोरायच्या काडीनं काढले होते.

सकाळी काकू दूध घालायला आली तेव्हा मी टाचण्याच टोचत होतो.

"काय रं सुध्या, कुनावर करनी चाललीय?"

"मॅडमवर."

"मंग दूध वाईच जास्त घाल, गुन येईल," म्हणाली आणि पदर तोंडाला लावून हसत सुटली. बाहुलीचा एक जादा हात उरला होता, तो मी तिच्या हातावर ठेवला. "गोड हाय की रं मेल्या!" म्हणून बोटं चाटत गेली. ती गेल्यावर मी लिंबाला खालून भोक पाडलं आणि आत नुसती कोरडी माचा ठासून भरली. जो कुणी हौसेनं लिंबू उचलून खाईल त्याचं वाकडं तोंड बघायला मिळावं, म्हणून. माझा स्वभावच तसा.

बंगल्यावर केक टेबलापर्यंत पोचलाच नाही. तिथली राखणदाराची बायको डबा घ्यायला आली, झाकण उघडून तिनं आत पाहिलं आणि हात मागे घेतले. "मी नाय हात लावनार," एवढंच. तिचा चेहरा असा उतरला, की तो बघून मॅडमही घाबरल्या. "मला मजेशीर भीती हवी होती हो, अशी नको," म्हणाल्या आणि केक परत दिला.

हे लक्षात ठेवा. त्या बाईचा चेहरा मी पाहिला होता. हा केक काय करू शकतो, हे मला दुपारीच समजलं होतं.

आता गोष्टीत मी पुढे काय सांगतो, ते ऐका. सांगतो, की परत येताना गावाबाहेरच्या तिठ्यावर खड्ड्यात स्कूटर आदळली, डबा निसटला, केक रस्त्यावर पडला. लोक हसतात. खड्ड्यांवर सगळ्यांचा विश्वास आहे. पण खड्डा नव्हता. मी स्कूटर थांबवली, इकडेतिकडे पाहिलं आणि रस्त्याखालच्या मोरीच्या कट्ट्यावर तो केक व्यवस्थित मांडला. बाहुली जरा कलली होती, ती सरळ केली. का? कारण मी चिडलो होतो. एवढी मेहनत केलेली, आणि बघणारा कुणी नाही? म्हटलं, गावाला तरी दिसू दे.

सकाळी तिठ्यावर माणसं जमली. भातकापणीचे दिवस, त्यामुळे ज्याच्या त्याच्या हातात विळा. रात्रीच्या दवानं केक खचून हिरवा चिखल झाला होता, पण बाहुली आणि लिंबू जसंच्या तसं. एक बाजू कुत्र्यानं खाल्ली होती आणि ते कुत्रं हिरवं तोंड घेऊन माणसांमधून फिरत होतं—ते ज्याच्याकडे जाई, तो दोन पावलं मागे सरके. हिरामणदादाच्या नव्या घराचं जोतं तिथून जवळच. त्यात त्याच्या नातवाला रात्री ताप भरलेला. दादाचा चेहरा बघण्यासारखा झाला होता. आणि बांधावरून त्याची कुणाशी बोलाचाली झाली होती? बायजाकाकूशी. कुणी नाव घेत नव्हतं. पण ती दुधाची किटली घेऊन आली, तशी वाट आपोआप मोकळी झाली.

तिनं पाहिलं आणि तिला हसूच आलं. "आरं, ह्यो तर केक हाय! आपल्या सुध्याचा केक! काल सकाळी बघितला मी त्याच्या पडवीत. सांग रं सुध्या."

सगळे माझ्याकडे वळले. हिरामणदादानं विचारलं, "तुजा का रं?"

मी नाही म्हणालो.

विळ्याला घाबरलो, असं सांगितलं तर तुम्ही मला समजून घ्याल. म्हणूनच ते सांगत नाही. खरं हे आहे, की मी तिथे बराच वेळ उभा होतो आणि मला मजा वाटत होती. अख्खं गाव माझ्या केकला घाबरलं होतं! कुठल्या केकवाल्याला असं मिळतं? ते मला इतक्यात मोडायचं नव्हतं. नुसतं नाही म्हणून थांबलो असतो तरी एक वेळ—पण नाही. मला टोमणा सुचला, आणि सुचलेला टोमणा मी कधी गिळलाय? "काकू," मी म्हणालो, "माझे केक लोक खातात. असलं कोण खाईल?"

काहीजण हसलेसुद्धा.

काकू पुढे आली. मग म्हणाली, "मी खाते की." तिनं किटली खाली ठेवली, कट्ट्यावरचं लिंबू उचललं आणि टाचण्यांसकट तोंडात टाकलं. कडाकडा चावलं. खरेपणा दाखवायला आणखी काय करते ती?

आणि मग आतली माचा फुटली.

तिचा चेहरा वेडावाकडा झाला. तिला ठसका लागला, बोलता येईना, डोळ्यांत पाणी आलं. ओठांतून हिरवं बाहेर आलं. सकाळच्या उन्हात, उतारा खाल्लेली बाई, हिरव्या तोंडाची—आणि शेजारी ते हिरव्या तोंडाचं कुत्रं. एक बाई किंचाळली. कुणीतरी पोरांना मागे ओढलं. हिरामणदादा हळूच म्हणाला, "बगा. दुसऱ्या कुनाला पचंल का हे?"

आत काय आहे, हे त्या गर्दीत एकट्या मला माहीत होतं. एक पाऊल पुढे टाकून बोटभर हिरवा चिखल मी स्वतः चाटला असता, तर तिथल्या तिथे सगळं मिटलं असतं. शिव्या पडल्या असत्या. दोन रपाटे बसले असते. संध्याकाळपर्यंत गाव हसत सुटलं असतं. मी ओंजळभर पाणीसुद्धा तिला दिलं नाही. मी घरी आलो आणि ओव्हन लावला.

तिला कुणी काही केलं नाही. मारलं नाही, हाकललं नाही. फक्त दूध बंद झालं. आधी एका घरचं, मग दुसऱ्या घरचं. 'आता पिशवीचंच घेतो, काकू.' कापणीला आमच्याकडे सावड असते. आज तुमच्या शेतात सगळे, उद्या आमच्या. त्या वर्षी सावड तिच्या बांधापाशी आली आणि पुढे निघून गेली. तिचं भात उभंच राहिलं, दाणे गळून गेले. मी तिच्याकडून दूध घेत राहिलो—हो, हेही सांगतो, कारण पुष्कळ दिवस मी त्यावर स्वतःला माफ करत होतो. पडवीत ती यायची, माप घालायची, जायची. ओव्हनकडे बघून काही बोलणं तिनं सोडलं होतं. एकदाही तिनं मला 'का रं?' असं विचारलं नाही. विचारलं असतं तर मी काय सांगणार होतो? उन्हाळ्यात तिनं म्हशी विकल्या आणि मुलीकडे शेलूला गेली. गावाला सांगितलं, गुडघे दुखतात.

मी गोष्ट सांगायला लागलो ती त्यानंतर. आधी बंगल्यांवर, गाव न सांगता. त्या गोष्टीत बायजाकाकू नाहीच. त्यात घाबरलेलं गाव आहे, हिरव्या तोंडाचं कुत्रं आहे, आणि मी आहे. मी पुढे होतो, म्हणतो, "अरे वेड्यांनो, हा माझा केक!"—लिंबू उचलतो, सगळ्यांसमोर कडाकडा खातो, आणि गाव पोट धरून हसतं. तीच ती टाळ्यांची जागा. तिची सगळ्यात धाडसाची गोष्ट मी उचलली आणि स्वतःच्या अंगावर घातली. छान बसते. माझ्या मापाचीच वाटते.

गेल्या हॅलोवीनला शेलूच्या एका नव्या सोसायटीत माझे केक होते. आता मी वटवाघळं करतो, मुकाट. खाली आवारात पोरं भुतं होऊन पळत होती, आईबाप फोटो काढत होते. कुणीतरी माईक हातात दिला, 'लिंबाची गोष्ट!' मी रंगात आलो. लिंबू खाल्लं. टाळ्या पडल्या.

मागच्या बाकावरून आवाज आला, "गोड व्हतं का रं लिंबू?"

वर बघायच्या आधीच मी ओळखलं. काकू बसली होती. मांडीवर नातीची काळी टोकदार टोपी. नात समोर पळत होती, चेटकीण झाली होती.

त्या वेळीसुद्धा खरं बोलायला जागा होती. माईक हातात होता. सगळे ऐकत होते. आणि मी—"एकदम गोड!" म्हणालो.

"नाय रं," काकू म्हणाली. "आतून कडू व्हतं."

लोक आणखीच हसले. म्हातारी मजेशीर आहे, असं वाटलं त्यांना. काकूनं नातीला हाक मारली, तिच्या डोक्यावर टोपी नीट बसवली, केकची एक बशी तिच्या हातात दिली आणि तिला घेऊन लिफ्टकडे गेली.

केक माझा होता. मोरीवर तो मी मांडला. हिरामणदादानं विचारलं, तेव्हा मी नाही म्हणालो. लिंबू बायजाकाकूनं खाल्लं.